कुलपातली राजेळी

“एकच वाक्य आहे,” हेमांगी म्हणाली. “लवाद हे सामनेवाल्या कंपनीच्या बाजूला झुकलेले होते. वाच, सही कर. खाली नोटरी बसलाय, त्याचा शिक्का घेऊन येते.”

कोर्टाच्या पहिल्या मजल्यावरच्या व्हरांड्यात आम्ही दोघी उभ्या होतो. दुसऱ्या दिवसापासून कोर्टाला उन्हाळ्याची सुट्टी लागणार होती, त्यामुळे तिथे जमलेल्या प्रत्येकाला आजच्या आज काहीतरी हवं होतं. मलाही हवं होतं. सोमवारी कोर्टाचा बेलीफ आमच्या प्रयोगशाळेत येणार होता आणि राजेळी केळीच्या सगळ्या मूळ बाटल्या माझ्या डोळ्यांदेखत उकळून नष्ट करणार होता.

मी कागद वाचला आणि परत दिला. “हे खरं नाही.”

“खरंखोटं कोर्ट बघेल.”

“सर झुकलेले नव्हते. ते चुकले.”

हेमांगीने डोळे मिटून घेतले. ती शाळेपासूनची माझी मैत्रीण, त्यामुळे तिला माझ्यावर चिडताना वकिली सांभाळावी लागत नसे. “रेजिना तुस्कानो, मी तुला किती वेळा सांगितलं? लवाद चुकला म्हणून निवाडा पडत नाही. चुकायचा त्याला अधिकार असतो. तुम्ही दोघांनी मिळून त्याला निवडलं, त्याने बरावाईट निकाल दिला, संपलं. कोर्ट एवढंच बघतं की त्याने तुझं ऐकून घेतलं का, आणि जे त्याच्यापुढे नव्हतंच त्यात त्याने हात घातला का.”

“मग तेच सांग. दोन्ही झालंय.”

“सांगणारच आहे. पण ते बारीक मुद्दे आहेत. समोर सबनीस आहेत, ते अर्ध्या तासात त्याचं पीठ करतील. पक्षपात म्हटलं की न्यायाधीश मान वर करून बघतात. मला आज त्यांनी मान वर करायला हवी आहे.”

“सरांनी स्वतः लिहिलं नसतं, तर आपल्याला कळलं तरी असतं का? जो माणूस स्वतःविरुद्धचा पुरावा स्वतःच्या अक्षरात लिहून देतो, त्याला मी विकला गेला म्हणू?”

“तुझ्या बाटल्या मरतील.”

ते मला तिच्यापेक्षा जास्त ठाऊक होतं.

वसईची राजेळी आता फार थोड्या वाड्यांमध्ये उरली आहे. तिची सुकेळी होतात: पिकलेली केळी सोलून, उन्हात सुकवून, केळीच्याच वाळल्या पानांत बांधलेली. माझ्या वडिलांनी आयुष्यभर वाडीत फिरून एकेक रोप निवडत राजेळीचा एक वाण जोपासला होता. त्याचं फळ सुकलं तरी चामट होत नसे. पर्णगुच्छ रोग आला तेव्हा आमची वाडी मुळापासून उपटून जाळावी लागली. त्याआधी मी काही निरोगी कोंब काढून प्रयोगशाळेत काचेच्या बाटल्यांत वाढवले होते. तो वाण आता जमिनीवर कुठेच नव्हता, फक्त त्या बाटल्यांत होता.

कंपनीशी आमचा करार दुसऱ्याच केळीचा होता. त्यांना हजारोंनी रोपं हवी होती, ती आम्ही बाटल्यांतून वाढवून दिली. काही महिन्यांनी त्यांनी कळवलं की रोपांना पर्णगुच्छ झालाय. आमचा अहवाल म्हणत होता, रोपं निरोगी गेली. त्यांचा अहवाल म्हणत होता, रोगट आली. करारात लिहिलं होतं, पुरवलेल्या रोपांबद्दल वाद झाला तर दोघांना मान्य असलेल्या तज्ज्ञाला लवाद नेमावा. कंपनीने डॉक्टर वासुदेव अत्तरदे यांचं नाव सुचवलं आणि मी एका क्षणात हो म्हटलं. मला केळीचे रोग सरांनीच शिकवले होते. त्या नावापुढे मला दुसरं नाव सुचलंच नसतं.

कोर्टात आमचा पुकारा झाला.

हेमांगी चांगलं बोलली. पक्षपाताचा कागद तिने पिशवीत ठेवला होता. एकदा माझ्याकडे बघून तिने पिशवी बाकाखाली सरकवली. निवाड्यातला परिच्छेद तिने वाचून दाखवला. ‘उभय पक्षांचे अहवाल परस्परविरोधी असल्याने, माझी स्वतःची खात्री व्हावी म्हणून मी कंपनीच्या शेडनेटमधून नमुना आणून स्वतः तपासला. विषाणू आढळला.’

“ही तपासणी झाल्याचं माझ्या अशिलांना निवाडा हातात पडल्यावर कळलं,” ती म्हणाली. “नमुना आणताना त्यांना बोलावलं नाही. निष्कर्ष त्यांना दाखवला नाही. त्यावर त्यांना एक प्रश्नही विचारता आला नाही. आणि तेवढ्यावर लवादांनी प्रयोगशाळेतले सगळे मूळ साठे नष्ट करायला सांगितले. त्यात राजेळी आहे. राजेळीचं नावही या करारात नाही. त्यांच्यापुढे वाद होता पुरवलेल्या रोपांचा.”

सबनीस उठले. पांढरे केस, आवाज मऊ. “अर्जदार बाई स्वतः शास्त्रज्ञ आहेत. लवाद त्यांचे गुरू. पक्षपात झालाच तर कुणाच्या बाजूने व्हायला हवा होता, हे मी सांगायला नको. बैठका चालू असताना लवादांनी बाटल्यांच्या खोलीला कुलूप लावून किल्ली स्वतःकडे ठेवली. बैठकींचा रोजनामा पाहावा: ‘अर्जदाराची हरकत नाही.’ पुढची बैठक, हरकत नाही. त्याच्या पुढची, हरकत नाही. बाई प्रत्येक बैठकीला वसईच्या बाजारातली सुकेळी घेऊन यायच्या. मलाही मिळाली. उत्तम होती. पण तेव्हा जे गोड लागलं, ते निकाल विरुद्ध गेल्यावर कडू कसं झालं?”

मागच्या बाकांवर हसण्याची लाट आली. मी खाली बघितलं. त्यांनी सांगितलेला शब्द न् शब्द खरा होता. सर चष्म्यावरून बघत विचारायचे, “रेजिना, काही हरकत?” आणि माझ्या तोंडून “नाही सर” निघून जायचं. वर्गात निघायचं तसं.

“जे झाल्याचं कळलंच नाही, त्याला हरकत कशी घेणार?” हेमांगी म्हणाली.

न्यायाधीशांनी खरोखरच मान वर केली. “सबनीस, हा नमुना नेमक्या कुठल्या रोपाचा होता?”

सबनीसांनी पानं उलटली. “निवाड्यात तसा उल्लेख नाही.”

“मी सांगू शकतो,” मागून आवाज आला.

मी तो आवाज कुठेही ओळखला असता. सर शेवटच्या बाकाजवळ उभे होते. अर्ध्या बाह्यांचा पांढरा सदरा, खांद्याला कापडी पिशवी. ते येतील असं कुणाच्या ध्यानीमनी नव्हतं.

“आपण कोण?” न्यायाधीशांनी विचारलं.

“मीच लवाद होतो.”

“लवाद इथे पक्षकार नसतात. तुमचं जे काही म्हणणं, ते निवाड्यात आलेलं आहे. बसून घ्या.”

“एक गोष्ट त्यात यायची राहिली आहे. ती जर मी...”

“इथे तुम्हांला बोलता येणार नाही. बसा.”

सर लगेच बसले नाहीत. उभ्या आयुष्यात त्यांना कुणी बसा म्हणून गप्प केलं नसावं. मग ते बाकाचा कठडा धरून हळूच खाली बसले. मी तिकडे बघायचं टाळलं.

न्यायाधीशांनी आदेश सांगायला सुरुवात केली. मूळ साठा नष्ट करण्याच्या निर्देशाला सुट्टीनंतरच्या तारखेपर्यंत स्थगिती. तोवर उभय पक्षांनी परिस्थिती जैसे थे ठेवावी. पुढच्या प्रकरणाचा पुकारा झालासुद्धा.

बाहेर येताच हेमांगीने माझा दंड दाबला. “मिळाली. बेलीफ येत नाही सोमवारी. चल, चहा पाज.”

“जैसे थे म्हणजे कुलूप तसंच राहणार?”

“हो. म्हणजे कुणीच काही...” ती थांबली. “का?”

“हेमांगी, त्या बाटल्या म्हणजे जमिनीचा तुकडा नाही. आत जिवंत कोंब आहेत. खालचं खाद्य संपतं. केळीच्या कोंबातून काळा रस सुटतो, त्यात तो स्वतःच गुदमरतो. महिन्याभरात त्याला नव्या बाटलीत हलवावं लागतं. खोली बंद होऊन दोन महिने होत आले. मी रोज दाराच्या काचेतून बघते. पुढची सगळी मांडणी काळी पडली आहे. सुट्टी संपेपर्यंत काही उरणार नाही.”

“हे तू मला आत्ता सांगतेस?”

“अर्जात लिहिलं होतं.”

“कितव्या पानावर?”

मी पान सांगितलं. तिने कपाळाला हात लावला आणि तशीच उलट्या पावली आत पळाली. मी दारातून बघत होते. पुढच्या प्रकरणाला तारीख देऊन न्यायाधीश उठून आत गेले होते. कारकुनाने फायलींचा गठ्ठा बांधता बांधता मान हलवली. सुट्टीतल्या कोर्टात अर्ज करता येईल, तो म्हणत होता, पण समोरच्यांना नोटीस काढावी लागेल, ती बजावून यावी लागेल, मग तारीख. हेमांगी त्याच्याशी काहीतरी बोलत राहिली. तो गाठ मारत राहिला.

मी जिन्याशी जाऊन कठड्याला टेकले. निवाड्याविरुद्ध जे मागितलं ते मिळालं होतं, आणि तेच मिळालेलं आता माझा वाण मारणार होतं. बेलीफाने निदान एका सकाळीत काम उरकलं असतं. हे मला रोज काचेतून बघायचं होतं.

“रेजिना.”

सर एक पायरी खाली उभे होते, त्यामुळे त्यांचा चेहरा माझ्या चेहऱ्यासमोर आला होता.

“आत मला बोलू दिलं नाही,” ते म्हणाले. “तुला सांगतो. त्या रोपाचं. शेडनेटच्या दाराशीच त्यांच्या माणसाने ते माझ्या हातात दिलं. कुठल्या रांगेतलं, कुणाशेजारचं, आत किती दिवस उभं होतं, मी विचारलं नाही. टेस्ट मात्र तीनदा केली.”

“शेडनेटमध्ये मावा कीड होती, सर. त्यांच्याच अहवालात आहे. शेजारच्या रोगट झाडावरून तिथेच लागण झाली असेल.”

“असेल. किंवा तुझ्याकडूनच आली असेल. त्या एका रोपावरून सांगता येत नाही. तू प्रॅक्टिकलला असला नमुना आणला असतास, तर मी वहीत शून्य लिहिलं असतं.”

“मला विचारलं असतंत, तर मी एवढंच विचारलं असतं.”

“हो,” ते म्हणाले. “मला वाटलं, खरं काय ते बघायचं आहे ना, मग बघून टाकू. यात विचारायचं काय.”

दोन अहवाल जुळले नाहीत की तिसरी चाचणी स्वतः करायची, हे आम्हांला सरांनीच शिकवलं होतं. रविवारीसुद्धा ते प्रयोगशाळेत जायचे. प्रयोगशाळेत तो गुणच होता.

हेमांगी परत आली. तिच्या चेहऱ्यावरूनच मला कळलं. सरांनाही कळलं असावं. त्यांनी पिशवीत हात घालून किल्ली काढली.

“घे. निवाडा दिला की लवादाचं काही उरत नाही म्हणे, मग ही माझ्याकडे कशाला? जा, उघड, जे जिवंत असेल ते हलव, पुन्हा कुलूप लाव. मी कुणाला सांगणार नाही.”

“मी काही ऐकलं नाही,” हेमांगी भिंतीकडे बघत म्हणाली. “मी पाणी प्यायला गेले होते.” आणि ती खरोखरच नळाकडे चालू लागली.

किल्ली माझ्या तळहातावर आली. मी मूठ मिटली. वसईपर्यंतचा रस्ता, दार, मांडणी, सगळं मला दिसत होतं. ब्लेड कुठल्या ट्रेमध्ये आहे, हेसुद्धा. एका दुपारचं काम. कुणालाही कळलं नसतं. मी जिना उतरू लागले आणि उतरतानाच मला समजलं की वर कोर्टात आम्ही ज्या गोष्टीविरुद्ध भांडलो, ती अगदी अशीच होती. एक दार, एक किल्ली, मनात वाईट काही नाही, आणि दुसरी बाजू गैरहजर.

मी फाटकाकडे न वळता कँटीनमध्ये गेले.

सबनीस एकटेच बटाटेवडा खात होते. मी त्यांच्या बशीशेजारी किल्ली ठेवली.

“ही खोलीची. सरांकडे होती. मला आत जाऊन कोंब हलवायचे आहेत, नाहीतर ते मरतील. तुमची परवानगी हवी.”

त्यांनी किल्लीकडे बघितलं, मग माझ्याकडे. “किल्ली तुमच्या हातात होती?”

“हो.”

“मग मला कशाला विचारता? मॅडम, मी तीस वर्षं वकिली करतोय. हातात किल्ली असलेला माणूस माझ्याकडे परवानगी मागायला आला, असं आजवर घडलं नाही. तुमच्या वकीलबाईंना माहीत आहे का तुम्ही इथे आहात ते?”

“त्या पाणी पिताहेत.”

ते हसले, पण जेमतेम. “आणि मी नाही म्हटलं तर?”

“तर किल्ली तुमच्याकडे राहील.”

“आणि बाटल्या?”

त्या माणसासमोर मला रडायचं नव्हतं. मी खुर्चीच्या पाठीला धरून उभी राहिले.

सबनीसांनी उरलेला वडा बाजूला सारला आणि कंपनीच्या मालकांना फोन लावला. पहिला कुणी उचलला नाही. दुसऱ्यावर बँडचा इतका आवाज होता की मलाही ऐकू आला. “लग्नात आहेत साहेब,” फोन ठेवून ते म्हणाले. “म्हणतात, तुम्हांला योग्य वाटेल ते करा. म्हणजे उद्या बिघडलं तर माझ्या गळ्यात.” त्यांनी रुमालाने बोटं पुसली. “बाटल्या मेल्या, तर तुमच्या वकीलबाई म्हणतील कंपनीने मारल्या. तेही मला नको. आपण दोन्ही बाजूंचं लेखी निवेदन करू, पुरसीस, सुट्टीनंतर कोर्टात दाखल होईल. खोली माझ्यासमोर उघडायची. बाहेर काहीही जाणार नाही. आणि त्या डॉक्टरांनाही घ्या बरोबर. किल्ली त्यांच्याकडची, कुलूप पुन्हा त्यांनीच लावू दे.”

हेमांगीने पुरसीस कँटीनच्या टेबलावरच लिहिली. सही घेताना म्हणाली, “तुझ्यासारखे अशील असले तर मी उपाशी मरेन.”

हेमांगी कोर्टातच थांबली; सबनीसांच्या गाडीतून ते, सर आणि मी असे तिघं वसईला आलो. प्रयोगशाळा आमच्या घरामागेच आहे. मी हात धुतले, अंगावर कोट चढवला. सरांनी कुलूप काढलं.

आत थंडगार होतं आणि आंबूस वास होता. पहिली मांडणी पूर्ण गेली होती. बाटल्यांच्या तळाशी डांबरासारखा थर, त्यात बुडालेले तपकिरी गोळे. मी एकेक उचलून दिव्यासमोर धरत होते आणि बाजूला ठेवत होते. दुसरी मांडणी. तिसरी. सबनीस दाराशी उभे होते, काळा कोट हातावर घेऊन. सुरुवातीला ते मोजत होते, नंतर त्यांनी सोडून दिलं. मला आठवतं, मी मनात वडिलांशी बोलत होते. काय बोलत होते ते आठवत नाही.

सगळ्यांत खालच्या फळीवर, मागे, भिंतीला चिकटलेली एक बाटली होती. तिच्यात काळ्या गोळ्याच्या कडेला नखाएवढा हिरवा ठिपका होता.

मी ती बाटली निर्जंतुक हवेच्या हूडमध्ये घेतली. ब्लेड ज्योतीवर धरून थंड होऊ दिलं. मेलेलं सगळं कापून टाकलं, एकेक पापुद्रा, जोवर खाली पांढरं लागत नाही तोवर. प्रत्येक काप घेताना मी श्वास धरत होते. शेवटी चिमट्यात उरलं ते तांदळाच्या दाण्यापेक्षा थोडं मोठं. ते मी नव्या बाटलीत ठेवलं. वडिलांचा वाण म्हणून जगात एवढंच उरलं होतं.

झाकण लावायच्या आधी सर पुढे आले. “रेजिना, सबनीससाहेब, तुमची दोघांची हरकत नसेल, तर यातला एक कण घेऊ का? आत्ता आपण तिघंही समोर आहोत. तपासलं म्हणजे एकदाचं कळेल.”

त्यांचा आवाज नम्र होता. ज्याच्यासाठी आम्ही कोर्टात गेलो, तेच आता सर करत होते: आधी विचारत होते. त्यांनी माझ्या ट्रेमधलं दुसरं ब्लेडही उचललं होतं, सहज, सवयीने.

“आमची काही हरकत नाही,” सबनीस म्हणाले.

दोघं माझ्याकडे बघत होते. “नाही सर” माझ्या जिभेवर आलेलंच होतं.

“माझी हरकत आहे,” मी म्हणाले.

निवाडा पुढे रद्द झाला, त्याला दोन पावसाळे लागले. राजेळी लवादाच्या कक्षेबाहेर होती, असं कोर्टाने स्पष्ट लिहिलं, आणि न दाखवलेल्या चाचणीबद्दल त्याहून कडक लिहिलं. त्या दाण्याचे कोंब झाले, कोंबांची रोपं झाली, आणि दोन्ही बाजूंनी मिळून निवडलेल्या तिसऱ्याच प्रयोगशाळेत ती निरोगी ठरली. आज ती आमच्या वाडीत उभी आहेत. सर होते तोवर मी दर उन्हाळ्यात त्यांना सुकेळी नेऊन देत असे.

पण त्या दुपारी यातलं काहीच माहीत नव्हतं. चाचणीत विषाणूची पट्टी उमटेल की नाही, हेसुद्धा मला खात्रीने सांगता आलं नसतं. सरांचा हात हवेतच थांबला. मग त्यांनी ब्लेड ट्रेमध्ये खाली ठेवलं, स्टूल ओढून माझ्यासमोर बसले आणि विचारलं,

“का?”

मी सांगू लागले. हा दाणा आत्ता किती अशक्त आहे, एवढ्याशातून कण कापला तर तो का जगणार नाही, किती दिवसांनी कुठलं पान घ्यावं, ते कुणी घ्यावं, कुणासमोर, कुठे पाठवावं. बोलायला बराच वेळ लागला. मध्ये मला कुणी थांबवलं नाही.